नवे प्रशिक्षक, जुना संघ : गोल्डन स्टेट वॉरियर्सच्या २०१४-१५ च्या हंगामाचा अभ्यास

प्रस्तावना

एखाद्या संस्थेची स्थिती खालावलेली असताना नेतृत्व बदलले, तर त्या बदलाचे समर्थन करणे सोपे असते. मात्र संस्था प्रगतिपथावर असताना, तिच्यातील माणसे आपल्या नेत्यावर संतुष्ट असताना तो नेता बदलला गेला, तर नव्याने येणाऱ्याची कसोटी लागते. पूर्वसूरींचे काम पुसून टाकावे तर मिळवलेले हातचे जाते, आणि सर्व काही पूर्ववत ठेवावे तर बदलाचे प्रयोजनच उरत नाही. शिक्षणसंस्था, सहकारी संस्था, नाट्यमंडळी अशा सर्वच क्षेत्रांत हा पेच वारंवार निर्माण होतो. तथापि त्याचे परिणाम मोजता येतील असे क्षेत्र क्वचितच आढळते. व्यावसायिक क्रीडाक्षेत्र हे तसे एक क्षेत्र होय.

अमेरिकेतील राष्ट्रीय बास्केटबॉल संघटनेच्या, म्हणजेच एन.बी.ए.च्या, स्पर्धेतील गोल्डन स्टेट वॉरियर्स या संघाने २०१४ मध्ये स्टीव्ह कर यांची मुख्य प्रशिक्षकपदी नियुक्ती केली. त्यांच्या पहिल्याच हंगामात संघाने विजेतेपद मिळवले. या हंगामात नेमके काय राखले गेले, काय बदलले गेले आणि त्या बदलाची किंमत कोणी मोजली, याचा शोध घेणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

स्पर्धेचे स्वरूप

या स्पर्धेत ३० संघ असून प्रत्येक संघ साखळी फेरीत ८२ सामने खेळतो. त्यांतील १६ संघ बाद फेरीत प्रवेश करतात. बाद फेरीत दोन संघांमध्ये जास्तीत जास्त सात सामन्यांची मालिका होते व प्रथम चार सामने जिंकणारा संघ पुढे जातो. मैदानावर एका वेळी प्रत्येक संघाचे पाचच खेळाडू असतात आणि चेंडू ताब्यात आल्यापासून २४ सेकंदांच्या आत बास्केटच्या दिशेने फेक करावी लागते. सामन्याचा आरंभ करणाऱ्या पाच खेळाडूंमध्ये स्थान असणे ही प्रतिष्ठेची बाब मानली जाते. पुढील विवेचनाच्या दृष्टीने ही गोष्ट ध्यानात ठेवणे आवश्यक आहे.

मिळालेला वारसा

कॅलिफोर्निया राज्यातील ओकलंड येथे त्या काळी खेळणाऱ्या वॉरियर्स संघाने याआधीचे विजेतेपद १९७५ मध्ये मिळवले होते. १९९५ ते २०१२ या १८ हंगामांत हा संघ केवळ एकदा, २००७ मध्ये, बाद फेरीत पोहोचला होता. २०११ मध्ये मार्क जॅक्सन प्रशिक्षक झाले. त्यांच्या कारकिर्दीत संघाने २०१२-१३ मध्ये ४७ आणि २०१३-१४ मध्ये ५१ सामने जिंकले व दोन्ही वर्षी बाद फेरी गाठली. बचावाबाबत उदासीन समजल्या जाणाऱ्या या संघाला जॅक्सन यांनी बचावाची शिस्त लावली. स्टीफन करी, क्ले थॉम्पसन, ड्रेमंड ग्रीन व हॅरिसन बार्न्स हे तरुण खेळाडू त्यांच्याच काळात घडले. करी यांनी तर आपल्या प्रशिक्षकांना जाहीर पाठिंबा दिला होता.

असे असूनही मे २०१४ मध्ये, पहिल्या फेरीतील सात सामन्यांच्या मालिकेत लॉस एंजेलिस क्लिपर्सकडून पराभव झाल्यानंतर, जॅक्सन यांना पदमुक्त करण्यात आले. व्यवस्थापनाशी त्यांचे संबंध ताणले गेल्याची चर्चा तेव्हा वृत्तपत्रांतून झाली होती. खेळाच्या अंगाने पाहता मात्र एक उणीव स्पष्ट दिसत होती. २०१३-१४ च्या हंगामात या संघाचे खेळाडू एकमेकांना दर सामन्यात सरासरी अडीचशेहूनही कमी पास देत होते आणि हे प्रमाण सर्व ३० संघांत नीचांकी होते. आक्रमणाचा भार एकट्या करी यांच्या कौशल्यावर होता आणि इतर खेळाडू पुष्कळदा त्यांच्याकडे पाहत उभे राहत.

नव्या प्रशिक्षकांची जडणघडण

स्टीव्ह कर यांना प्रशिक्षकपदाचा कोणताही पूर्वानुभव नव्हता. २००७ ते २०१० या काळात ते फिनिक्स सन्स संघाचे महाव्यवस्थापक होते व त्यानंतर दूरचित्रवाणीवर समालोचन करीत. खेळाडू म्हणून मात्र त्यांच्या नावावर पाच विजेतेपदे होती : तीन शिकागो बुल्स संघाकडून, फिल जॅक्सन यांच्या हाताखाली, आणि दोन सॅन अँटोनियो स्पर्स संघाकडून, ग्रेग पॉपोविच यांच्या हाताखाली. दोन्ही संघांत ते बहुतांशी राखीव खेळाडू होते. १९९७ च्या अंतिम मालिकेतील सहाव्या सामन्यात मायकेल जॉर्डन यांनी अखेरच्या क्षणी स्वतः फेक न करता चेंडू त्यांच्याकडे दिला आणि त्यांच्या फेकीने विजेतेपद निश्चित झाले. महान खेळाडूनेही योग्य वेळी चेंडू सोडावा, हे तत्त्व त्यांनी असे प्रत्यक्ष अनुभवले होते.

त्यांची घरची पार्श्वभूमीही प्राध्यापक वाचकांनी लक्षात घेण्याजोगी आहे. त्यांचे वडील माल्कम कर हे मध्यपूर्वेचे अभ्यासक व बैरूत येथील अमेरिकन विद्यापीठाचे अध्यक्ष होते. जानेवारी १९८४ मध्ये विद्यापीठाच्या आवारातच त्यांची हत्या झाली. त्या वेळी स्टीव्ह कर १८ वर्षांचे होते व ॲरिझोना विद्यापीठात शिकत होते.

पद स्वीकारल्यानंतर, २०१४ च्या उन्हाळ्यात, त्यांनी सिएटल येथे जाऊन अमेरिकन फुटबॉलमधील प्रशिक्षक पीट कॅरोल यांच्या सराव शिबिराचे निरीक्षण केले. डावपेच कोणते आखणार, यापेक्षा आपल्या संघाचे रोजचे वातावरण कसे असणार, याचा आधी विचार करावा, हा धडा त्यांना तेथे मिळाला. त्यातून त्यांनी आनंद, सजगता, करुणा आणि स्पर्धावृत्ती ही चार मूल्ये निश्चित केली. सरावाच्या वेळी संगीत लावण्याची प्रथा याच विचारातून आली.

काय राखले, काय बदलले

नव्या प्रशिक्षकांचा पहिला महत्त्वाचा निर्णय काहीतरी न बदलण्याचा होता. बचावाचा पाया त्यांनी कायम ठेवला व तो रचल्याचे श्रेय जॅक्सन यांना जाहीरपणे दिले. अनुभवाची उणीव भरून काढण्यासाठी त्यांनी आपल्याहून अधिक अनुभवी सहायक निवडले. आक्रमणासाठी ॲल्विन जेंट्री व बचावासाठी रॉन ॲडम्स यांची निवड झाली. प्रशिक्षण देण्यात या दोघांची अनेक वर्षे गेली होती.

बदल झाला तो आक्रमणात. दर सामन्यात किमान तीनशे पास, असे उद्दिष्ट ठरवण्यात आले. चेंडू सतत फिरत राहिला की बचाव करणाऱ्यांनाही सतत जागा बदलावी लागते. त्या धावपळीत एखाद्याचे पाऊल मागे पडते आणि कोणीतरी मोकळा सापडतो. शिवाय चेंडू आपल्याकडे येऊ शकतो हे ज्याला ठाऊक असते, तो खेळाडू बचावातही अधिक जोमाने धावतो. थोडक्यात, पास हे डावपेचाचे साधन होते, तसेच ते सहभागाचेही साधन होते.

प्रारंभी या पद्धतीने अडचणीच निर्माण केल्या. जादा पास देण्याच्या नादात चेंडू गमावण्याचे प्रमाण वाढले. पहिले पाच सामने जिंकल्यानंतर संघ लागोपाठ दोन सामने हरला. तेव्हा अवघड पासाऐवजी साधा, हमखास पोहोचणारा पास द्यावा, यावर भर देण्यात आला. त्यानंतर संघाने सलग १६ सामने जिंकले. हंगामाअखेर पासांची सरासरी तीनशेच्या वर गेली. थेट गुण मिळवून देणाऱ्या पासांची सरासरी २३.३ वरून २७.४ वर आणि गुणांची सरासरी १०४.३ वरून ११०.० वर पोहोचली. बचावातही हा संघ स्पर्धेत अव्वल ठरला. ६७ विजय व १५ पराभव ही कामगिरी पहिल्याच वर्षी प्रशिक्षक झालेल्या व्यक्तीसाठी विक्रमी होती. स्टीफन करी त्या हंगामातील सर्वोत्तम खेळाडू ठरले.

बदलाची किंमत

आकडेवारीत न दिसणारी एक बाजू येथे नोंदवणे आवश्यक आहे. आंद्रे इगुओडाला हे त्या वेळी ३० वर्षांचे, ऑलिम्पिक सुवर्णपदक विजेते खेळाडू होते. त्याआधीच्या दहा वर्षांत ते साखळी फेरीतील ७५८ सामने खेळले होते व त्या प्रत्येक सामन्यात ते आरंभीच्या पाचांमध्ये होते. स्टीव्ह कर यांनी त्यांना राखीव खेळाडूंमध्ये बसण्याची विनंती केली. तरुण बार्न्स यांचा आत्मविश्वास आरंभीच्या पाचांसोबत वाढेल आणि राखीव फळीला इगुओडालांसारखा जाणता आधार मिळेल, असा त्यामागील विचार होता. इगुओडालांना हे रुचणे कठीण होते, तरीही त्यांनी ते स्वीकारले. त्या हंगामातील साखळी फेरीत ते ७७ सामने खेळले व एकाही सामन्याच्या आरंभी मैदानात नव्हते.

डेव्हिड ली यांची कथा याहून कठोर आहे. ते संघातील सर्वाधिक मानधन घेणारे खेळाडू होते. हंगामाच्या तोंडावर त्यांच्या मांडीचा स्नायू दुखावला व त्यांच्या जागी ग्रीन यांना संधी मिळाली. २०१२ च्या खेळाडू निवडीत ३५ वा क्रमांक मिळालेल्या ग्रीन यांनी ती जागा अशी व्यापली, की ली बरे होऊन परतले तेव्हा त्यांच्यासाठी ती उरलीच नव्हती. प्रशिक्षकांनी त्यांना पूर्वीचे स्थान परत दिले नाही आणि ली यांनी त्याचा गाजावाजा केला नाही. नव्या रचनेत काही जण मोठे होतात, तेव्हा काहींना लहान व्हावे लागते. हे लहान होणे सन्मानाने घडावे, ही नेतृत्वाची जबाबदारी ठरते.

कसोटीचे दोन प्रसंग

बाद फेरीत संघ दोनदा संकटात सापडला. दुसऱ्या फेरीत मेम्फिस ग्रिझलीजने १-२ असे पिछाडीवर टाकले. चौथ्या सामन्यात वॉरियर्सने उंच मध्यरक्षक अँड्र्यू बोगट यांना प्रतिपक्षाच्या टोनी ॲलन यांच्यासमोर उभे केले. ॲलन बचावात निष्णात, परंतु लांबून फेक करण्यात कमकुवत होते. त्यामुळे त्यांना मोकळे सोडून बोगट बास्केटजवळ थांबू शकले. ही कल्पना सहायक प्रशिक्षक ॲडम्स यांची होती. वॉरियर्सने पुढील तिन्ही सामने जिंकले.

अंतिम मालिकेत लेब्रॉन जेम्स यांच्या क्लीव्हलँड कॅव्हलियर्स संघाने पुन्हा १-२ अशी पिछाडी लादली. त्या वेळी निक यूरेन या २८ वर्षांच्या साहाय्यकाने आदल्या वर्षीच्या अंतिम मालिकेची चित्रफीत पाहून बोगट यांच्याऐवजी इगुओडाला यांना आरंभी उतरवण्याची सूचना केली. उंची कमी होईल, पण वेग वाढेल, असा त्यामागील हिशेब होता. ही सूचना स्वीकारली गेली. चौथा सामना वॉरियर्सने १०३-८२ असा जिंकला आणि पुढील दोन सामनेही जिंकून १६ जून २०१५ रोजी ४० वर्षांनंतर विजेतेपद मिळवले. वर्षभर राखीव राहिलेले इगुओडाला अंतिम मालिकेतील सर्वोत्तम खेळाडू ठरले. पदक्रमाने सर्वांत खालच्या साहाय्यकाचे म्हणणे सर्वांत वरच्या व्यक्तीपर्यंत पोहोचू शकले, ही बाब डावपेचाइतकीच महत्त्वाची होती.

श्रेयाचा प्रश्न

यशाचे सारे श्रेय नव्या प्रशिक्षकांना देणे योग्य ठरेल काय? त्याबाबत सावधगिरी बाळगली पाहिजे. खेळाडू घडलेले होते, बचावाचा पाया घातलेला होता. अंतिम मालिकेत क्लीव्हलँडचे केव्हिन लव्ह व पहिल्या सामन्यानंतर कायरी अर्विंग हे दोघेही दुखापतीमुळे खेळू शकले नाहीत. क्लीव्हलँडचे प्रशिक्षक डेव्हिड ब्लॅट हेही एन.बी.ए.मधील पहिल्याच वर्षी अंतिम फेरीत पोहोचले होते आणि युरोपातील त्यांचा अनुभव दीर्घ होता. तरीही पुढच्या हंगामाच्या मध्यावर, ३० विजय व ११ पराभव अशी स्थिती असताना, त्यांना दूर करण्यात आले. त्यांच्या जागी आलेले टायरॉन लू यांनी त्याच वर्षी, २०१६ मध्ये, वॉरियर्सला हरवून विजेतेपद मिळवले. अर्थात प्रशिक्षक व यश यांचा संबंध सरळ रेषेत मांडता येत नाही.

दुसरीकडे एक पुरावा स्टीव्ह कर यांच्या बाजूचा आहे व तो त्यांच्या अनुपस्थितीचा आहे. पाठीच्या शस्त्रक्रियेनंतरच्या त्रासामुळे २०१५-१६ च्या हंगामातील पहिल्या ४३ सामन्यांत ते संघासोबत नव्हते. तरुण सहायक ल्यूक वॉल्टन यांच्या देखरेखीखाली संघाने त्यांपैकी ३९ सामने जिंकले. रुजलेली पद्धत व्यक्तीवर अवलंबून राहत नाही, हेच यातून दिसते. पुढे २०१७, २०१८ व २०२२ मध्ये याच प्रशिक्षकांच्या कारकिर्दीत संघ पुन्हा विजेता ठरला.

समारोप

वरील विवेचनावरून असे म्हणता येईल की, या हंगामात नव्या नेतृत्वाने तीन गोष्टी साधल्या. मिळालेल्या वारशाचा ऋणनिर्देश करून तो जपला. उणीव नेमकी एका ठिकाणी शोधून तेवढाच बदल केला. ज्यांना मागे बसावे लागले त्यांचे महत्त्व शिल्लक राहील अशी व्यवस्था करण्याचा प्रयत्न केला. यांतील तिसरी गोष्ट सर्वांत कठीण, आणि ती सर्वांच्या बाबतीत सारखी साधली असे म्हणता येत नाही. इगुओडाला यांना अखेरीस गौरव लाभला. ली यांनी अंतिम मालिकेतील तिसऱ्या सामन्यात अनपेक्षितपणे मैदानात उतरून ११ गुण मिळवले, परंतु विजेतेपदानंतर लवकरच त्यांना दुसऱ्या संघाकडे जावे लागले. ज्या मार्क जॅक्सन यांनी पाया रचला, ते ही अंतिम मालिका दूरचित्रवाणीच्या समालोचन कक्षातून पाहत होते.

आपल्या महाविद्यालयांतही प्राचार्य बदलतात, विभागप्रमुख बदलतात. नव्या व्यक्तीच्या कार्यकाळातील यशाचा अहवाल लिहिला जातो, तेव्हा पाया रचणारे आणि जागा सोडणारे त्यात बहुधा नसतात. वॉरियर्सच्या या हंगामाचा अभ्यास करताना ती दोन्ही नावे विजेत्यांच्या नावांसोबत नोंदवली जावीत, इतकीच प्रस्तुत लेखकाची अपेक्षा आहे.