रायफल हाती घेतलेल्या राण्या

आझाद हिंद सेनेची स्त्रियांची झाशीची राणी पलटण उभी राहिली जपानच्या ताब्यातल्या सिंगापुरात, तरी ती जपानी कल्पना नव्हती. खडकवासल्याच्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीतून 30 मे 2025 रोजी 17 मुलींची पहिली तुकडी बाहेर पडली, तेव्हा या पलटणीची आठवण व्हायलाच हवी होती.

12 जुलै 1943 रोजी सिंगापुरात महिलांचा मेळावा भरला. तिथे साडी नेसलेल्या वीसेक जणींनी खांद्याला रायफल लावून सुभाषचंद्र बोस यांना मानवंदना दिली. बायकांना शस्त्रे देणे जपानी अधिकाऱ्यांना पटत नव्हते. बोस हटले नाहीत. 22 ऑक्टोबरला छावणी उघडली आणि मद्रासच्या डॉक्टर लक्ष्मी स्वामीनाथन कॅप्टन झाल्या. पहाटेची कवायत, लांब पल्ल्याची कूच, नेमबाजी, संगिनीचा सराव; शुश्रूषेचे शिक्षण वेगळे. बहुतेक मुली मलायातल्या रबरमळ्यांवरच्या तमिळ मजुरांच्या होत्या आणि हिंदुस्थान त्यांनी कधी पाहिलाही नव्हता. रंगूनच्या गुजराती घरातल्या रमा मेहताही याच पलटणीतल्या. पुढे मुंबईत त्या पर्यटकांच्या मार्गदर्शक झाल्या.

खुद्द जपानने आपल्या बायकांना आधी कारखान्यांत जुंपले. जून 1945 मध्ये मात्र कायदा करून 17 ते 40 वयाच्या स्त्रियांनाही लढाऊ दलात ओढले आणि हाती बांबूचे भाले दिले. ओकिनावात त्याआधीच, मार्चमध्ये, ‘हिमेयुरी’ पथकातल्या 222 विद्यार्थिनींना लष्करी रुग्णालयांत नेले होते. त्यांतल्या 123 जणी मेल्या. ही सक्ती होती. सिंगापूरच्या मुली स्वतःहून आल्या होत्या, आणि हा फरक लहान नाही.

पलटण ब्रह्मदेशात पोहोचली, पण आघाडीवर लढण्याची वेळ तिच्यावर आली नाही. एप्रिल 1945 मध्ये ती बोस यांच्यासोबत रंगूनहून बँकॉककडे मागे फिरली. प्रत्यक्ष लढाई झाली नाही म्हणून तिला शोभेची ठरवणे अन्यायाचे आहे.

या पलटणीच्या कल्पनेचे मूळ आपल्याकडेच आहे. 1928 च्या कलकत्ता काँग्रेसमध्ये बोस यांनी लतिका घोष यांच्या हाताखाली गणवेशधारी स्त्री-स्वयंसेविकांचे पथक उभारले होते. दहा वर्षांनी, फेब्रुवारी 1938 मध्ये, सुरतेजवळच्या हरिपुऱ्यात ते काँग्रेसचे अध्यक्ष झाले. सुरतेतल्या मराठी शाळांनी हरिपुऱ्याचा धडा शिकवताना, तांब्यांच्या मणिकर्णिकेचे, म्हणजेच झाशीच्या राणीचे, नाव लावून सिंगापुरात कवायत करणाऱ्या या मुलींची गोष्टही सांगावी.