निवेदकाविना बोलणारा अनुबोधपट

८ मे २०२० रोजी पहाटे करमाडनजीक लोहमार्गावर झोपी गेलेले १६ मजूर मालगाडीखाली सापडून मृत्यू पावले. जालन्याच्या पोलाद कारखान्यात काम करणारे हे मध्य प्रदेशचे कामगार टाळेबंदीत गावाकडे पायी निघाले होते. रुळांवर विखुरलेल्या पोळ्यांचे छायाचित्र देशभर पोचले. परंतु ते घटनेनंतरचे होते. ती माणसे वाटेत काय बोलली, कोठे थांबली, हे त्यात नव्हते व असणेही शक्य नव्हते. त्याच टाळेबंदीत गाझियाबादहून बिहारमधील सहरसाकडे सायकलींवरून निघालेल्या सात मजुरांची सोबत विनोद कापरी यांनी केली व २०२१ साली '१२३२ केएमएस' हा अनुबोधपट प्रदर्शित झाला. घटना घडून गेल्यावर पोचणे आणि ती घडत असताना सोबत असणे, यांतील अंतर येथे ध्यानी येते.

निरीक्षणात्मक अनुबोधपट म्हणतात तो हाच. १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे लघुपट ज्यांनी चित्रपटगृहांत पाहिले, त्यांना निवेदकाचा भारदस्त आवाज आठवत असेल. धरण दिसे आणि धरणाविषयी काय वाटावे हेही तोच सांगे. (आम्ही माहिती खात्यातील मंडळी याच आवाजावर पोसलो, हे कबूल केले पाहिजे.) १९६० च्या सुमारास खांद्यावर पेलणारे कॅमेरे व त्यांच्याशी मेळ राखणारी ध्वनिमुद्रण यंत्रे आली आणि माणसांचे बोलणे जागच्या जागी टिपता येऊ लागले. अमेरिकेत फ्रेडरिक वाइजमन यांनी शाळा, रुग्णालय, न्यायालय अशा संस्थांवर निवेदन, मुलाखत वा वरून घातलेले संगीत न वापरता चित्रपट केले. अर्थात दिग्दर्शकाचे मत तेथेही असते. कोणते दृश्य ठेवावे व कोणत्या दृश्याशेजारी ठेवावे, यातून ते प्रकटते.

आपल्याकडील आनंद पटवर्धन या व्याख्येत काटेकोरपणे बसत नाहीत. ते कॅमेऱ्यामागून प्रश्न विचारतात. तथापि दीर्घकाळ माणसांजवळ राहण्याची चिकाटी त्यांच्यापाशी आहे. मुंबईतील झोपड्या पाडण्याच्या मोहिमेवरील त्यांच्या 'हमारा शहर' (१९८५) या चित्रपटात एक स्त्री त्यांनाच फैलावर घेते: गरिबांची चित्रे काढून तुमचे नाव होईल, आम्हांला काय मिळणार? हे दृश्य त्यांनी कापले नाही. माझ्या मते त्या चित्रपटाचे सर्वांत प्रामाणिक क्षण हेच.

त्याच चित्रपटात शाहीर विलास घोगरे गायले होते. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात, डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याच्या विटंबनेनंतर जमलेल्या लोकांवर झालेल्या पोलीस गोळीबारात १० जण मृत्युमुखी पडले. व्यथित घोगरे यांनी काही दिवसांतच आपले जीवन संपविले. पटवर्धन यांनी पुढील १४ वर्षे शाहिरांची गाणी, वस्त्यांतील घरे, सभा व खटल्याची वाटचाल चित्रित केली. २०११ साली पूर्ण झालेला 'जय भीम कॉम्रेड' तीन तासांहून मोठा आहे. कारण त्यात गाणी अर्ध्यावर तोडलेली नाहीत आणि बोलणाऱ्याला थांबून विचार करण्यास वाव दिला आहे.

ग्रामपंचायतीने वा शाळेने असा चित्रपट दाखविण्याचे योजिल्यास तो दोन बैठकांत दाखवावा. आधी प्रास्ताविक नको. संपल्यावर दिवे लावावेत आणि पहिले बोलणे मागच्या रांगेतून येईपर्यंत व्यासपीठावरील मंडळींनी थांबावे.