व्हिस्कीच्या पिंपातील लाल वाइन : चव कशी पाहावी व तीवरून काय शिकावे

ज्या मडक्यात सुकी मासळी ठेवली, त्या मडक्यात जामसंड्याच्या कोणत्याही घरी पुन्हा ताक ठेवले जात नाही. मडके कितीही धुतले व उन्हात वाळविले, तरी मासळीचा वास त्याच्या अंगात राहतो, ही गोष्ट येथील गृहिणीस कोणी शिकवावी लागत नाही. भाजलेल्या मातीला बारीक छिद्रे असतात; त्यांत पदार्थाचा अंश शिरतो आणि मागाहून ठेवलेल्या पदार्थात तो उतरतो. लाकडाचेही तसेच आहे. भांड्याचा हा गुणधर्म एरवी अडचणीचा समजला जातो. परदेशांतील काही वाइन उत्पादकांनी मात्र त्याचा हेतुपुरस्सर उपयोग करून घेतला आहे. व्हिस्की काढून घेतलेल्या लाकडी पिंपात ते लाल वाइन काही काळ मुरत ठेवतात.

अशा वाइनची चव कशी पाहतात, चवीतील कोणता अंश फळाचा व कोणता पिंपाचा हे कसे ओळखतात, याची माहिती येथे दिली आहे. मद्यपानाचा पुरस्कार करणे हा तिचा हेतू नाही. बोंडूचा रस, कोकमाचे आगळ किंवा आंब्याचा रस साठविणाऱ्या शेतकऱ्याला आपल्या भांड्याची पारख करता यावी, हा आहे.

पिंपाची घडण

ही पिंपे ओक नावाच्या वृक्षाच्या लाकडाची असतात. फळ्या विस्तवावर शेकून वाकवितात व लोखंडी पट्ट्यांनी आवळतात. त्यांत खिळा किंवा सरस वापरीत नाहीत. आतील द्रवाने लाकूड फुगते व सांधे आपोआप घट्ट बसतात. वाइनचे पिंप आतून केवळ शेकलेले असते व त्यात साधारणतः २२५ लिटर द्रव मावतो. अमेरिकेतील बर्बन व्हिस्कीचे पिंप मात्र आतून जाळून कोळशासारखे काळे केलेले असते व ते सुमारे २०० लिटरांचे असते.

बर्बन व्हिस्की नव्या, आतून जाळलेल्या ओकच्या भांड्यातच ठेवली पाहिजे, असा अमेरिकेतील नियम आहे. त्यामुळे एकदा वापरलेले पिंप तेथील बर्बन उत्पादकाला पुन्हा बर्बनसाठी उपयोगी पडत नाही. अशी पिंपे मोठ्या संख्येने इतर देशांत विकली जातात. स्कॉटलंडमधील व्हिस्की बहुतांशी त्यांतच मुरते. सिंधुदुर्गाच्या शेजारी, गोव्यात कुंकळ्ळी येथे तयार होणारी व २०१२ मध्ये लंडन येथे प्रथम विक्रीस आलेली पॉल जॉन ही सिंगल माल्ट व्हिस्कीदेखील बर्बनच्या रिकाम्या पिंपांत मुरविली जाते. तेथील उष्ण हवेत पिंपातील द्रव स्कॉटलंडपेक्षा कितीतरी वेगाने उडून जातो व लाकडाचा अंशही त्यात लवकर उतरतो. कोकणात लोणचे लवकर मुरते व लवकर बिघडतेही, त्यातलाच हा प्रकार होय.

वाइन पिंपात केव्हा घालतात

लाल वाइन काळ्या द्राक्षांपासून करतात. द्राक्षे सालीसकट आंबविली जातात, म्हणून तिला रंग व तुरटपणा येतो. आंबण्याची क्रिया संपल्यावर वाइन पोलादी टाकीत किंवा ओकच्या साध्या पिंपात ठेवतात. नाशिक जिल्ह्यातील सुला कंपनीची दिंडोरी रिझर्व्ह शिराझ ही ओकच्या पिंपात मुरविलेल्या आपल्याकडील लाल वाइनचे परिचित उदाहरण आहे.

व्हिस्कीच्या पिंपाचा उपयोग बहुधा अगदी शेवटी होतो. कॅलिफोर्नियातील फेट्झर कंपनीने २०१४ मध्ये ‘१००० स्टोरीज’ या नावाने बर्बनच्या पिंपात मुरविलेली झिनफंडेल जातीची लाल वाइन बाजारात आणली. ऑस्ट्रेलियातील जेकब्स क्रीक कंपनीने शिराझ वाइनसाठी स्कॉच व्हिस्कीची आणि कॅबर्ने वाइनसाठी आयरिश व्हिस्कीची जुनी पिंपे वापरली. साधारणपणे वाइन अशा पिंपात काही आठवडे किंवा काही महिनेच ठेवतात. रिकामे दिसणाऱ्या पिंपाच्या फळ्यांत काही लिटर व्हिस्की मुरलेली असते. वाइन फार काळ ठेवल्यास द्राक्षाची चव दबून जाते व व्हिस्कीचाच वास उरतो. फोडणी पदार्थाची चव वाढविते, पण फोडणीच अधिक झाली तर भाजी कोणती हेही कळत नाही.

चव पाहण्याची रीत

चव पाहणारा एकाच पेल्यावर निर्णय देत नाही. व्हिस्कीच्या पिंपातील वाइन व तीच वाइन त्या पिंपात न घातलेली, असे दोन नमुने शेजारी ठेवले म्हणजेच पिंपाने काय केले हे कळते. लाल वाइन १६ ते १८ अंश सेल्सिअस तापमानास चाखावी असा संकेत आहे. कोकणातील उन्हाळ्यात ती तशीच ओतली तर मद्यार्क नाकाला झोंबतो व बाकीचे वास लपतात. म्हणून बाटली अगोदर थोडी थंड करतात. चव पाहण्यापूर्वी तंबाखू, पान, मसालेदार जेवण व अत्तर वर्ज्य करावे लागते.

प्रथम पांढऱ्या कागदावर पेला तिरपा धरून रंग व स्वच्छता पाहतात. नंतर पेला हलकेच फिरवून वास घेतात. मग एक लहान घोट तोंडात घोळवितात व थुंकून टाकतात. व्यावसायिक परीक्षक दिवसाकाठी अनेक नमुने पाहतात. ते गिळत बसले तर त्यांची पारख टिकणार नाही. घोट टाकल्यावर चव किती वेळ रेंगाळते हे पाहून शेवटी टिपण करतात. टिपण त्याच वेळी करावे, कारण वासाची आठवण फार लवकर पुसट होते.

कोणता वास कोठून येतो

जामसंड्याच्या शेतकऱ्याला यातील बहुतेक वास परिचयाचे आहेत. केवळ त्यांची नावे नवीन आहेत.

काळ्या द्राक्षांच्या वाइनमध्ये पिकलेल्या जांभळासारखा किंवा करवंदासारखा जो वास येतो, तो फळाचा. हिरड्याने किंवा कच्च्या सुपारीने जीभ व हिरड्या ओढल्या जातात, तसा जो तुरटपणा जाणवतो, तो टॅनिन या द्रव्यामुळे. ते द्राक्षाच्या साली व बियांतून येते, काही प्रमाणात लाकडातूनही. बोंडू खाताना घसा धरतो, त्यातही टॅनिनचा मोठा भाग असतो.

ओल्या खोबऱ्यासारखा वास आला तर तो ओकच्या लाकडाचा समजावा. हा वास देणाऱ्या द्रव्याला रसायनशास्त्रात ‘व्हिस्की लॅक्टोन’ असेच नाव पडले आहे. अमेरिकन ओकमध्ये त्याचे प्रमाण अधिक असते. व्हॅनिलाचा वास लाकडातील लिग्निन या घटकाचे उष्णतेने विघटन होऊन येतो. साखर करपविल्यासारखा गोडसर वास लाकडातील शर्करायुक्त घटक भाजल्याने येतो. हे सर्व वास बर्बनमध्ये अगोदरच उतरलेले असतात. तेच पुढे वाइनमध्ये येतात. स्कॉच व्हिस्कीच्या काही प्रकारांत धान्य पीट नावाच्या जळाऊ मातीच्या धुरावर वाळवितात. त्यांच्या पिंपातून आलेल्या वाइनला चुलीवरच्या धुरकट भांड्यासारखा वास येऊ शकतो.

मात्र शिरक्याचा आंबट वास, ओल्या गोणपाटाचा कुबट वास किंवा बुरशीचा वास आला, तर तो पिंपाचा गुण नसून दोष आहे. पिंप रिकामे असताना वाळून तडकले किंवा नीट न धुता ठेवले, तर असे होते.

पिंप काय करू शकत नाही

चव पाहणाऱ्याने शेवटी एकच प्रश्न स्वतःस विचारावा : पिंपाचा वास बाजूला सारला तर खाली फळ उरते काय? उत्तम वाइनमध्ये ते उरते. हलक्या वाइनमध्ये व्हॅनिला व खोबरे यांच्या मागे काहीच सापडत नाही. नासक्या फळाची वाइन कोणत्याही पिंपात घातली तरी चांगली होत नाही. तिचा दोष काही काळ झाकला जातो, इतकेच. म्हणून बोंडूपासून काही करावयाचे असल्यास प्रथम पिंपाचा शोध न करता ताजा, न फुटलेला व त्याच दिवशी गोळा केलेला बोंडू मिळविणे आवश्यक आहे. गोव्यातील काजूच्या फेणीला २००९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. तिची पारंपरिक रीत लाकडाची नाही. ती काचेच्या मोठ्या बरण्यांत ठेवली जाते व तिच्यातील बोंडूचा उग्र वास हीच तिची ओळख आहे.

येथे एक गोष्ट स्पष्ट केली पाहिजे. वाइन किंवा अन्य मद्य तयार करण्यास राज्य उत्पादन शुल्क विभागाचा परवाना लागतो. परवान्याशिवाय घरी भट्टी लावणे हा गुन्हा तर आहेच, शिवाय जीवाला धोका आहे. सरबत, आगळ, रस व मुरंबा यांसाठी मात्र पुढील माहिती प्रत्येक घरी उपयोगी पडेल.

भांड्याची निवड

आयुर्वेदातील आसवे व अरिष्टे करताना मडक्याला आतून तूप चोळण्याची व धुरी देण्याची रीत आहे. भांडे तयार केल्याशिवाय त्यात काही घालू नये, हे आपल्या पूर्वजांनाही ठाऊक होते.

देवगड तालुक्यातील जवळजवळ प्रत्येक आंबा बागेत फवारणीचे औषध कालविण्यासाठी २०० लिटरांचे प्लॅस्टिकचे पिंप असते. हंगाम संपल्यावर ते रिकामे पडते आणि त्याच सुमारास कोकमाचे आगळ साठविण्यास भांडे हवे असते. पिंप दिसण्यात स्वच्छ असते व वासही जाणवत नाही. परंतु ज्याप्रमाणे ओकच्या फळीत व्हिस्की मुरते, त्याप्रमाणे प्लॅस्टिकमध्ये कीटकनाशकाचा अंश मुरतो. आगळ आंबट व खारट असते व ते त्या पिंपात महिनोन्‌महिने राहते. वाइनमध्ये उतरलेली व्हिस्की जिभेस कळते. आगळात उतरलेले विष कळेलच असे नाही. म्हणून औषधाचे पिंप, डबा किंवा बाटली कितीही वेळा धुतली तरी खाण्यापिण्याच्या पदार्थासाठी कधीही वापरू नये. रिकामी बाटली तीन वेळा धुऊन ते पाणी फवारणीच्याच द्रावणात टाकावे व बाटलीला भोके पाडून ती निरुपयोगी करावी.

आंबट पदार्थ तांब्या-पितळेच्या कल्हई गेलेल्या भांड्यात व लोखंडाच्या किंवा जस्ताच्या भांड्यात ठेवू नयेत. काच, चिनी माती, अन्नासाठी बनविलेले प्लॅस्टिक किंवा गंज न चढणारे पोलाद यांचीच भांडी घ्यावी.

तीन पेल्यांची कसोटी

अन्नासाठीच वापरलेल्या दोन भांड्यांपैकी एकामुळे पदार्थाची चव बदलली की काय, अशी शंका आल्यास वाइनच्या परीक्षकांची एक पद्धत गावातही सहज करता येते. सारखे तीन पेले घ्यावेत. दोहोंत एका भांड्यातील व तिसऱ्यात दुसऱ्या भांड्यातील सरबत ओतावे. पेल्यांना खुणा कराव्यात, पण त्या चाखणाऱ्यास सांगू नयेत. वेगळा पेला कोणता, एवढेच त्यास विचारावे. पेल्यांचा क्रम प्रत्येक वेळी बदलावा. केवळ अंदाजाने तिघांपैकी एक जण बरोबर येतो. म्हणजे बारा जणांत चार जण नशिबानेच बरोबर ठरतील. परंतु बारांपैकी आठ किंवा अधिक जणांनी वेगळा पेला ओळखला, तर भांड्याने चव बदलली आहे असे समजण्यास हरकत नाही. औषधाच्या किंवा ज्याचा पूर्वीचा उपयोग ठाऊक नाही अशा पिंपातील पदार्थावर ही कसोटी कधीही करू नये. तो पदार्थ चाखावयाचा नसून फेकून द्यावयाचा आहे.

ग्रामस्तरीय कार्यकर्त्यांनी येत्या कोकमाच्या हंगामापूर्वी आपल्या गावातील महिला मंडळांत व बागायतदारांच्या बैठकीत तीन पेल्यांची ही कसोटी करून दाखवावी आणि त्याच वेळी प्रत्येक घरातील साठवणीची पिंपे पूर्वी कशासाठी वापरली होती याची चौकशी करावी. ज्या पिंपाचा पूर्वेतिहास घरातील कोणालाही सांगता येत नाही, ते पिंप आगळासाठी नाही, एवढे जरी गावाने ठरविले तरी पुष्कळ साधले.