एका रुपयात महिना काढून दाखवाल?

बोनकोडेच्या नाक्यावर कटिंग घेताना ग्रुपवर एक क्लिप येते. सरकारी ऑफिसातला कुणीतरी काउंटरवर समोरच्यावर खेकसतोय. तासाभरात पुढचा मेसेज: 'साहेब सस्पेंड!' तुम्ही अंगठा दाबता आणि म्हणता, 'बरं झालं, गेली नोकरी.'

पण नोकरी गेलेली नसते. निलंबन ही शिक्षा नाहीच. चौकशी होईपर्यंत माणसाला कामापासून दूर ठेवणं, एवढाच त्याचा अर्थ. खरी गोष्ट त्यानंतर सुरू होते आणि तिची क्लिप कधी येत नाही.

तुमच्यापैकी बरेच जण एमपीएससीच्या तयारीत असाल, तेव्हा कलम ३११ पाठ असेलच. आरोप सांगितल्याशिवाय आणि बाजू मांडायची वाजवी संधी दिल्याशिवाय सरकारी कर्मचाऱ्याला बडतर्फ करता येत नाही. महाराष्ट्रात याची पद्धत १९७९च्या शिस्त व अपील नियमांत आहे. आधी दोषारोपपत्र, सोबत कागदपत्रांची आणि साक्षीदारांची यादी. मग लेखी उत्तर. आरोप नाकारले तर चौकशी अधिकारी, साक्षी, उलटतपासणी. कागदावर सगळं छान. पण 'वाजवी संधी' म्हणजे नेमकं काय?

उत्तर आपल्याच राज्यातल्या एका खटल्यात आहे. निलंबित माणसाला पगार नाही, निर्वाह भत्ता मिळतो. पूर्वीच्या मुंबई नागरी सेवा नियमांत एक भन्नाट तरतूद होती. निलंबित कर्मचाऱ्याला फौजदारी कोर्टात शिक्षा झाली, की त्याचं अपील चालू असलं तरी भत्ता थेट महिना १ रुपया! 'महाराष्ट्र राज्य विरुद्ध चंद्रभान ताले' या खटल्यात सुप्रीम कोर्टाने १९८३मध्ये ही तरतूद घटनाबाह्य ठरवली. मुद्दा साधा होता. ज्याच्या घरात चूल पेटत नाही, तो चौकशीला जाणार कसा आणि लढणार कसा? उपाशी माणसाला 'बोल, तुझं काय म्हणणं आहे' असं विचारणं ही संधी नव्हे, थट्टा आहे. आज पहिले तीन महिने साधारण अर्ध्या पगाराइतका भत्ता मिळतो. पुढे चौकशी त्याच्या चुकीशिवाय रखडली, तर तो वाढवताही येतो.

दुसरा खटला खाडीपलीकडचा, मुंबई पोर्ट ट्रस्टचा. चौकशीत ट्रस्टची बाजू मांडायला त्यांच्याच कायदा विभागातली तज्ज्ञ मंडळी आणि समोर एकटा कर्मचारी. त्याने वकील मागितला तर नकार. सुप्रीम कोर्टाने कर्मचाऱ्याच्या बाजूने कौल दिला. तुमच्या बाजूला कायद्याचे जाणकार असतील, तर त्यालाही वकील घेऊ द्या. पोर्ट ट्रस्टला किंवा आपल्या महापालिकेला कलम ३११ लागू होत नाही. पण नैसर्गिक न्याय तिथेही सुटत नाही.

तिसरी गोष्ट १९९३ची. चौकशी अधिकारी अहवाल लिहितो, वरिष्ठ शिक्षा ठरवतो. मग तो अहवाल कर्मचाऱ्याने आधी बघायचा की नाही? करुणाकर खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सांगितलं, प्रत द्यायलाच हवी. बहुमताचा निकाल लिहिला होता न्या. पी. बी. सावंत यांनी.

तुम्ही म्हणाल, 'असल्या तांत्रिक गोष्टींमुळेच लाचखोर सुटतात.' शंका रास्त आहे. पण त्याच निकालात तिचं उत्तर आहे. अहवाल दिला नाही म्हणून माणूस आपोआप निर्दोष ठरत नाही. त्यामुळे त्याचं खरंच नुकसान झालं का, हे कोर्ट बघतं. झालं असेल, तर जिथे चूक झाली तिथून चौकशी पुढे चालू. उलट घाईत उरकलेली चौकशीच दोषी माणसाला परत खुर्चीवर बसवते, कधी मागच्या पगारासकट.

अपवादही आहेत. चौकशी घेणं व्यवहार्य नसेल, तर कारण लेखी नोंदवून थेट बडतर्फ करता येतं. मे २०२१मध्ये मुंबई पोलिसांनी सचिन वाझे यांच्याबाबत हाच मार्ग वापरला. पण अपवाद हा अपवादच राहायला हवा.

आता हे सगळं स्वतःवर घेऊन बघा. उद्या कॉपीच्या आरोपावरून तुम्हालाच समितीपुढे बोलावलं. कोणता कागद सापडला ते दाखवत नाहीत, सुपरवायझरला प्रश्न विचारू देत नाहीत, दोन मिनिटांत 'जा' म्हणतात. तुम्ही कॉपी केली असेल किंवा नसेल, पण तुमचं कुणी ऐकलं का?

तुमच्यातलं कुणी पाच-सात वर्षांनी चौकशी अधिकारी म्हणून टेबलापलीकडे बसेल. तेव्हा समोरच्याला हा प्रश्न पडू देऊ नका. तोवर ग्रुपवर पुढची क्लिप आली, की अंगठा दाबण्याआधी एवढंच विचारा, 'त्याचं म्हणणं काय आहे?'