दलदलीवरचे महानगर : शिकागोच्या स्थापत्याची आणि नगररचनेची वाटचाल

शिकागोचे नाव निघाले की आपल्याकडील सुशिक्षित माणसाला प्रथम आठवते ती १८९३ ची सर्वधर्मपरिषद, जिथे स्वामी विवेकानंदांप्रमाणेच मुंबईचे ब्राह्मसमाजी बी. बी. नगरकर हेही व्याख्यानाला उभे राहिले होते. आणि तिच्यापाठोपाठ आठवतात त्या तेथील गगनचुंबी इमारती. ज्या वास्तूत ती परिषद भरली ती मिशिगन ॲव्हेन्यूवर आजही उभी असून शहराचे कलासंग्रहालय तीत नांदते आहे. परंतु या नगरीचा इतिहास थोडा निरखून पाहिला, की तिच्या स्थापत्याचे मर्म शिखरांपेक्षा पायाखालच्या जमिनीत अधिक आहे, हे ध्यानात येते. ती जमीन मुळात पाणथळ होती. पुढे ती सोन्याच्या मोलाची झाली. आणि तिच्यावर राहण्याचा अधिकार कोणाचा, या प्रश्नाचा निवाडा बलवंतांनी पुनःपुन्हा आपल्या बाजूने करून घेतला. हे तिन्ही धागे एकत्र धरल्याशिवाय शिकागोच्या एकाही थोर इमारतीचा अर्थ पुरता लागत नाही, असे माझे मत आहे.

मिशिगन सरोवराच्या नैर्ऋत्य काठावर, सरोवराचे पाणी आणि मिसिसिपीच्या खोऱ्याचे पाणी यांना विभागणारा उंचवटा इतका अल्प आहे, की मूळचे रहिवासी आपल्या होड्या खांद्यावर घेऊन एका जलमार्गावरून दुसऱ्यावर सहज जात असत. १६७३ मध्ये मार्केट आणि जोलिए हे फ्रेंच प्रवासी याच वाटेने गेले. अठराव्या शतकाच्या अखेरीस झाँ बाप्तिस्त प्वाँ दु साब्ल या कृष्णवर्णीय व्यापाऱ्याने नदीच्या मुखाशी ठाणे मांडले, आणि १८०३ मध्ये तेथे लष्करी किल्ला झाला. १८३० मध्ये जेम्स थॉम्प्सन या मोजणीदाराने, हे दोन जलमार्ग जोडणाऱ्या नियोजित कालव्याच्या आयुक्तांसाठी, गावठाणाचा पहिला नकाशा आखला, तो भूखंड विकून कालव्याचा खर्च भागवावा म्हणून. म्हणजे वसती होण्यापूर्वीच येथील जमीन विक्रीचा माल झाली होती. १८३३ च्या तहाने पोटावाटोमी व त्यांच्या मित्र जमातींकडून सरोवराच्या पश्चिमेचा विस्तीर्ण मुलूख लिहून घेण्यात आला आणि त्या लोकांना मिसिसिपीपलीकडे धाडण्यात आले. १८४८ मध्ये कालवा खुला झाला, त्याच वर्षी पहिली आगगाडी धावली, आणि १८५० च्या खानेसुमारीत जेमतेम तीस हजार असलेली वस्ती १८९० मध्ये अकरा लाखांच्या घरात गेली.

एवढी माणसे जिथे राहणार तिथे सांडपाण्याला वाट हवी. परंतु सरोवराच्या पातळीहून काही थोडे फूटच उंच असलेल्या त्या सपाटीवर गटारांना उतार मिळणार कोठून? १८५४ च्या पटकीने शहर हादरल्यावर एलिस चेसब्रो या अभियंत्याला पाचारण करण्यात आले, आणि त्याने दिलेला कौल अपूर्व होता : जमिनीखाली उतार मिळत नसेल तर गटारे जमिनीवरच बांधावी, त्यांवर माती टाकून रस्ते उंच करावे, आणि मग साऱ्या शहराने त्या नव्या पातळीला यावे. दोन दशके शिकागोत घरे उचलण्याचा उद्योग चालला. १८६० मध्ये लेक स्ट्रीटवरील इमारतींची सुमारे तीनशेवीस फूट लांबीची एक सबंध ओळ वर उचलण्यात आली. पाया फोडून त्यात लाकडी तुळया सरकवल्या, तुळयांखाली सहा हजार स्क्रूजॅक बसवले, आणि सुमारे सहाशे मजुरांनी, एकेकाकडे दहा-दहा जॅक घेऊन, इशारा होताच एकदम थोडाथोडा पेच फिरवत विटांचा तो प्रचंड भार तसूतसूने वर नेला. काम चालू असताना वरच्या दुकानांतून गिऱ्हाइकांची ये-जा सुरूच होती. पुढे रेल्वेच्या शयनयानांसाठी विख्यात झालेला जॉर्ज पुलमन या व्यवसायातच प्रथम पुढे आला. शिकागोची खरी पहिली थोर वास्तुकृती मी या उचललेल्या रस्त्यांना मानतो. मात्र तिनेही प्रश्न सुटला नाही, कारण गटारे नदीला, नदी सरोवराला, आणि पिण्याचे पाणी त्याच सरोवराचे. तेव्हा १८६७ मध्ये सरोवराच्या तळाखालून दोन मैलांचा बोगदा काढून दूरचे पाणी आणले, आणि अखेर १९०० मध्ये अठ्ठावीस मैलांचा कालवा खोदून नदीचा प्रवाहच उलटा वळवला. घाण आपल्याकडे लोटली म्हणून मिसूरी राज्याने केलेला दावा सर्वोच्च न्यायालयाने १९०६ मध्ये काढून टाकला.

मधल्या काळात, ऑक्टोबर १८७१ मध्ये, महाभयंकर आग लागली. घरे लाकडाची, पदपथ लाकडाचे आणि उन्हाळा कोरडा गेलेला. सुमारे तीनशे माणसे दगावली, लाखभर बेघर झाली. आयरिश वस्तीतल्या ओलिअरी बाईच्या गोठ्याजवळ ती सुरू झाली एवढ्यावरून गरीब बाईला जन्मभर दोष मिळाला, आणि नगरसभेने तिला निर्दोष ठरवणारा ठराव केला तो १९९७ मध्ये! आगीचा राडारोडा सरोवराच्या उथळ पाण्यात लोटून किनारा पुढे सरकवण्यात आला; आजच्या ग्रँट पार्कचा काही भाग त्याच भरावावर आहे.

नदी, सरोवर आणि रेल्वेची आवारे यांनी तीन बाजूंनी कोंडलेल्या व्यापारपेठेत जागेचे भाव इतके चढले, की बाजूला पसरण्याऐवजी वर जाण्यावाचून गत्यंतर उरले नाही. लिफ्ट आली होती, अग्निरोधक मातीच्या विटा-फरशा आल्या होत्या, राहिला होता तो पायाचा प्रश्न. खाली मऊ चिकणमातीचा जाड थर असल्याने बर्नहॅम आणि रूट यांनी रुळांचे थर आडवेउभे रचून ते काँक्रीटमध्ये बुडवले आणि त्या तरंगत्या पायावर इमारती उभ्या केल्या. १८८५ मध्ये विल्यम ले बॅरन जेनी याने होम इन्शुरन्स इमारतीचा दहा मजली भार धातूच्या सांगाड्यावर घेतला. ती १९३१ मध्ये पाडली गेली. परंतु जुन्या आणि नव्या युगांची सीमारेषा बोटाने दाखवायची झाल्यास मी मोनॅडनॉक इमारतीकडे बोट दाखवीन. तिचा उत्तरेकडील अर्धा भाग १८९१ मध्ये रूटने बांधला : सोळा मजले, सगळा भार विटांच्या भिंतींवर, म्हणून तळाशी भिंती सहा फूट जाड, अंगावर नक्षीचे नाव नाही, केवळ पायथ्याशी आत वळणारी आणि माथ्याशी बाहेर झुकणारी एक संथ वक्ररेषा. दोनच वर्षांनी होलाबर्ड आणि रोश यांनी दक्षिणेकडील अर्धा भाग जोडला तो पोलादी सांगाड्यावर, आणि भिंत तेथे केवळ पांघरूण झाली. रस्त्याकडेच्या खिडकीची खोली दोन्ही भागांत पाहिली, की विटेने भार वाहण्याचे युग कोठे संपले ते कोणाही अनभिज्ञाला दिसते. ॲडलर आणि सलिव्हन यांचे ऑडिटोरियम (१८८९) व काचेने उजळलेली रिलायन्स इमारत (१८९५) याच पंधरा वर्षांतल्या. जगातल्या फार थोड्या नगरांनी इतक्या अल्पावधीत इतके नवे काही दिले असेल.

१८९३ च्या जागतिक प्रदर्शनात मात्र डॅनियल बर्नहॅमने ग्रीक-रोमन वळणाच्या पांढऱ्याशुभ्र, गिलाव्याच्या तात्पुरत्या महालांची नगरी उभारली. सलिव्हनला ती अमेरिकी स्थापत्याची पीछेहाट वाटली, आणि इमारतींपुरते त्याचे म्हणणे मला पटते. नगररचनेला मात्र त्या प्रदर्शनाने दृष्टी दिली. १९०९ मध्ये बर्नहॅम आणि बेनेट यांनी व्यापाऱ्यांच्या एका मंडळासाठी शहराची जी योजना प्रसिद्ध केली, तिच्यातून मिशिगन ॲव्हेन्यूचा पूल आणि दुमजली वॅकर ड्राइव्ह आकाराला आले. इतकेच नव्हे, तर त्या योजनेवर क्रमिक पुस्तक काढून ते शाळकरी मुलांना शिकवण्यात आले. सरोवराचा काठ मोकळा राहिला त्याचे श्रेय मात्र अधिक करून माँटगोमेरी वॉर्ड या व्यापाऱ्याकडे जाते. कालव्याच्या आयुक्तांनी १८३६ मध्ये नकाशावर लिहून ठेवले होते, की ही सार्वजनिक भूमी सदैव इमारतींविना राहावी. त्या एका शेऱ्याच्या आधारावर वॉर्डने वीस वर्षे नगरपालिकेशी आणि आपल्याच वर्गातील श्रीमंतांशी दावे लढवले. दप्तरातल्या एका ओळीचे बळ किती, हे त्याने दाखवून दिले.

दप्तराचे हेच बळ उलट दिशेनेही वापरले गेले. पहिल्या महायुद्धाच्या सुमारास दक्षिणेतून आलेल्या कृष्णवर्णीयांना शहराच्या दक्षिण भागातील एका चिंचोळ्या पट्ट्यात कोंडण्यात आले; १९१९ च्या जुलैत सरोवराच्या काठावर एका काळ्या मुलाचा बळी गेल्यावरून जो दंगा पेटला त्यात अडतीस माणसे मेली, आणि पुढे खरेदीखतांतच, ही जागा कृष्णवर्णीयास विकू अगर भाड्याने देऊ नये, अशा अटी घालण्याचा प्रघात पडला. १९४८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्या अटी अंमलबजावणीस अपात्र ठरवल्या तोवर एकेका घराची पाच-सहा बिऱ्हाडे झाली होती.

या पट्ट्यात चौतिसाव्या रस्त्यापाशी १८९२ मध्ये बांधलेली मेक्का नावाची प्रशस्त इमारत होती. तिच्या दोन अंतर्गत चौकांवर काचेचे छत, भोवती प्रत्येक मजल्यावर लोखंडी नक्षीच्या कठड्यांचे सज्जे, आणि त्या सज्ज्यांवर उघडणारी घरांची दारे. मुंबईच्या चाळीत वाढलेल्या वाचकाला तेथील जीवन निराळे समजावून सांगायला नको. कृष्णवर्णीय कुटुंबांचे ते मोठे आश्रयस्थान झाले. शेजारच्या तंत्रशिक्षणसंस्थेला विस्तारासाठी ती जागा हवी होती. भाडेकरू वर्षानुवर्षे झगडले, आणि १९५२ मध्ये इमारत पाडण्यात आली. तेथेच मीस व्हान डर रोहे याने १९५६ मध्ये क्राउन हॉल पुरा केला : दोनशेवीस फूट लांब आणि एकशेवीस फूट रुंद असा, मध्ये एकही खांब नसलेला काचेचा दिवाणखाना, ज्याचे छत वरच्या चार पोलादी तुळयांना टांगलेले आहे. विसाव्या शतकातील निर्दोष वास्तूंत त्याची गणना होते, आणि ती योग्यच आहे. तरीही शेकडो बिऱ्हाडांच्या जागी अवकाशाचे हे निर्मळ दर्शन आले, ही गोष्ट स्थापत्याच्या इतिहासकारांनी तळटीपेत टाकावी, हे मला मान्य नाही.

हलवलेली माणसे गेली कोठे? १९५० मध्ये गृहनिर्माण प्राधिकरणाचे कृष्णवर्णीय अध्यक्ष रॉबर्ट टेलर यांनी गोऱ्या वस्त्यांतही सार्वजनिक घरे बांधावी असा आग्रह धरला. नगरसेवकांनी तो मोडून काढल्यावर त्यांनी राजीनामा दिला. १९६२ मध्ये स्टेट स्ट्रीटच्या कडेने, जुन्या कोंडवाड्यातच, सोळा मजल्यांच्या अठ्ठावीस इमारती उठल्या आणि त्यांना नाव देण्यात आले ते त्याच टेलर यांचे. बंद पडणाऱ्या लिफ्ट, निधीचा दुष्काळ आणि कडेने गेलेला महामार्ग यांनी त्या वसाहतीची जी दशा केली ती केवळ आराखड्याच्या माथी मारणे अन्यायाचे आहे. २००७ पर्यंत तेथील शेवटची इमारतही पडली.

त्याच काळात शहराच्या मध्यभागी, ढाक्यात जन्मलेल्या फजलूर खान या अभियंत्याने जॉन हॅनकॉक आणि सिअर्स या मनोऱ्यांचे सांगाडे रचले. सिअर्सच्या एकशेदहा मजल्यांसाठी त्याने नऊ चौकोनी नळ्या एकत्र बांधल्या आणि पोलादाचा खर्च आटोक्यात ठेवला. इकडे सलिव्हनचे शेअरबाजार-भवन १९७२ मध्ये पाडले जात असताना त्यातील नक्षीचे अवशेष वाचवायला गेलेला छायाचित्रकार रिचर्ड निकेल ढिगाऱ्याखाली सापडून मरण पावला. शहराच्या बहुसंख्य लोकांचा संसार मात्र या मनोऱ्यांत नाही. तो विटांच्या दुमजली घरांत आणि १९१० ते १९४० या काळात बांधलेल्या हजारो बैठ्या बंगल्यांत चालला आहे.

आणि त्या घरांखाली चेसब्रोचा प्रश्न अजून तसाच आहे. गटार आणि पावसाचे पाणी एकाच नळातून जात असल्याने मोठी सर आली की नळ तुंबतात. म्हणून १९७५ मध्ये खडकात बोगदे खोदण्यास प्रारंभ झाला, २००६ मध्ये एकशेनऊ मैलांचे जाळे पुरे झाले, थॉर्नटनचा साठवण-तलाव २०१५ मध्ये आणि मॅकूकच्या तलावाचा पहिला भाग २०१७ मध्ये वापरात आला. मॅकूकच्या दुसऱ्या भागाचे काम त्यानंतरही चालू राहिले. पश्चिमेकडील बंगल्यांच्या तळघरांत मात्र अतिवृष्टीनंतर अजूनही पाणी शिरते, आणि तेथील रहिवासी नगरपालिकेकडे नुकसानभरपाईच्या दरखास्ती घेऊन जातात.