त्रा क्वेची भाजीसहल

कुठे : त्रा क्वे हे भाज्या पिकवणारं गाव, मध्य व्हिएतनाममधल्या होई आनच्या जुन्या शहरापासून जेमतेम तीन किलोमीटर. रस्ता सपाट, भातखाचरांमधून जाणारा. सायकलची सवय मोडलेल्यांनाही झेपेल. दा नांग विमानतळ सुमारे ३० किलोमीटरवर.

शेतात : इथल्या वाफ्यांना खत म्हणून जवळच्या खाजणातलं शेवाळ घालण्याची जुनी रीत आहे. पाहुण्यांच्या खांद्यावर कावड देतात, तिच्या दोन्ही टोकांना झाऱ्या. फोटोत हे सोपं दिसतं, तेवढं ते नाही! पुदिना, तुळशीचे प्रकार, कोथिंबीर, लेट्यूस अशी पालेभाजीच इथलं मुख्य पीक. २०२४ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संघटनेने या गावाला 'सर्वोत्तम पर्यटन गाव' म्हणून गौरवलं.

चुलीपाशी : शेतानंतर पाळी बान्ह सेओची. बान्ह सेओ म्हणजे तांदळाच्या पिठाचं, हळद घातलेलं कुरकुरीत धिरडंच, आत कोळंबी, डुकराचं मांस आणि मोड आलेले मूग. सोबत ताज्या पाल्याचा ढीग. तो न खाल्ल्यास निम्मी मजा गेली.

कधी : फेब्रुवारी ते एप्रिल उत्तम. ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये पुराची धास्ती असते.

शाकाहारींनी मासळीच्या सॉसबद्दल सहलीची नोंदणी करतानाच बजावून सांगावं; तो जवळजवळ प्रत्येक चटणीत असतो.