अर्जाचे शुल्क भरले; तपासणीचे काय?

वाशिम जिल्ह्यातील एखाद्या शिक्षणसंस्थेने बी.एड. महाविद्यालय काढायचे ठरविले, की तिला जिल्ह्याबाहेरची अनेक दारे ठोठवावी लागतात. संलग्नता संत गाडगेबाबा अमरावती विद्यापीठाची. मान्यता राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेची, जिच्या पश्चिम विभागीय समितीचे कार्यालय अनेक वर्षे भोपाळला होते. आणि वाद उद्भवलाच तर दाद मागायची ती मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडे. मान्यतेची वाट सुरू होते ती अर्जाच्या शुल्कापासून, आणि अनेक वादांचे मूळही तेथेच आहे.

१९९३ च्या अध्यापक शिक्षण परिषद कायद्यातील कलम १४ नुसार मान्यतेच्या अर्जासोबत ‘विहित’ शुल्क भरावे लागते. येथे ‘विहित’ या शब्दाला महत्त्व आहे. हे शुल्क केंद्र सरकारने नियमांद्वारे ठरवायचे असते. परिषदेने किंवा तिच्या विभागीय समितीने केवळ परिपत्रक काढून ते वाढविणे कायद्यात बसत नाही. १९९७ च्या नियमांतील नववा नियम या शुल्काविषयी आहे. २०१४ च्या विनियमांनंतरच्या अर्जांसाठी ही रक्कम दीड लाख रुपये होती. ग्रामीण भागातील लहान संस्थेला ती जड वाटणे स्वाभाविक आहे.

शुल्क आणि कर यांतील भेद महाराष्ट्राच्या परिचयाचा आहे. ‘रतिलाल पानाचंद गांधी विरुद्ध मुंबई राज्य’ या १९५४ च्या खटल्यात सार्वजनिक न्यासांकडून घेतली जाणारी वर्गणी हा कर नसून शुल्क आहे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने दिला. कर सरकारच्या सर्वसाधारण खर्चासाठी असतो, तर शुल्काच्या बदल्यात काही विशिष्ट काम अपेक्षित असते. पैशापैशाचा हिशेब जुळण्याची गरज नाही. परंतु शुल्क आणि काम यांचा वाजवी संबंध हवा.

हीच कसोटी अर्जाच्या शुल्काला लावली, तर ते मान्यतेचे मोल ठरत नाही, तपासणीचा खर्च ठरते. म्हणूनच रीतसर छाननीनंतर अर्ज नामंजूर झाला, तर रक्कम परत मागण्याचा आधार दुबळा असतो. २०१४ च्या विनियमांनी तर आणखी कठोर तरतूद केली. कागदपत्रे अपुरी असल्यास अर्ज फेटाळायचा आणि शुल्क जप्त करायचे. ऑनलाइन अर्जाची छापील प्रत जमिनीच्या कागदपत्रांसह पंधरा दिवसांत पोहोचली नाही, तरी अर्ज बाद. याउलट, सरकारी धोरण बदलल्यामुळे अर्ज न तपासताच परत आला, तर संस्थेची परताव्याची मागणी बळकट होते. कारण ज्या कामासाठी पैसे घेतले ते झालेलेच नसते.

धोरणबदलाचा प्रश्न राज्याला नवा नाही. बेरोजगार शिक्षकांची संख्या वाढल्याने नव्या बी.एड. महाविद्यालयांना परवानगी द्यायची नाही, असे महाराष्ट्र शासनाने ठरविले होते. संत ज्ञानेश्वर शिक्षणशास्त्र महाविद्यालयाच्या प्रकरणात ३१ मार्च २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ही भूमिका अमान्य केली आणि मान्यतेचा अंतिम अधिकार परिषदेचाच असल्याचे स्पष्ट केले.

मात्र अधिकारासोबत जबाबदारीही येते. महाराष्ट्रातील २९१ डी.एड. अध्यापक विद्यालयांच्या मान्यतेचा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला, तेव्हा न्यायालयाने २०११ मध्ये माजी सरन्यायाधीश जे. एस. वर्मा यांच्या अध्यक्षतेखाली आयोग नेमला. ऑगस्ट २०१२ मध्ये अहवाल आला. तपासलेल्या विद्यालयांपैकी बहुसंख्य निकषांत बसत नसल्याचे त्यातून पुढे आले. शुल्क भरले गेले, मान्यतेचे आदेशही निघाले. पण ज्या तपासणीसाठी शुल्क घ्यायचे, तीच नीट झाली नव्हती.

नामंजुरीविरुद्ध कलम १८ नुसार परिषदेकडे अपील करता येते आणि त्यानंतर उच्च न्यायालयात जाता येते. परंतु वेळ थांबत नाही. ‘माँ वैष्णोदेवी महिला महाविद्यालय’ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मान्यतेसाठी ३ मार्च आणि संलग्नतेसाठी १० मे या तारखा कसोशीने पाळण्यास सांगितले होते. तारीख हुकली की वर्ष गेलेच. शुल्काचा वाद निकाली निघून संस्थेला तिची रक्कम कदाचित परत मिळेलही. अपुऱ्या तपासणीवर उभ्या राहिलेल्या महाविद्यालयात प्रवेश घेतलेल्या विद्यार्थ्याची वर्षे मात्र कोणताही आदेश परत करू शकत नाही. त्यामुळे मान्यतेचा मूळ आदेश पाहूनच प्रवेश निश्चित करणे पालकांच्या हिताचे आहे.